झिरोपासून जीकॅपपर्यंत: जपानी लढाऊ विमान नेमकं कुठे अडत आलं?

प्रश्न असा आहे: १९४० साली झिरोसारखं लढाऊ विमान बनवणाऱ्या जपानने युद्धानंतर इतकी वर्षं अमेरिकन विमानांवरच का भागवलं? त्यांचं एफ-२ हे विमान म्हणजे अमेरिकन एफ-१६ची नक्कल का? आणि आता ब्रिटन-इटलीबरोबर जे नवं विमान घडतंय (जीकॅप), ते कितपत त्यांचं स्वतःचं असेल?

माझी नोकरी लढाऊ विमानांच्या सांगाड्याच्या कामात गेली. त्यातली बरीच वर्षं नाशिकजवळ ओझरला, परवान्यावर परदेशी विमानं बांधण्यात. जपानने हेच काम ओझरच्या आधी काही वर्षं सुरू केलं आणि त्यातून वेगळी वाट काढली, त्यामुळे त्यांच्या प्रत्येक विमानाचा मी धंद्याच्या नजरेने पाठपुरावा करत आलो. माझं म्हणणं आधीच सांगून टाकतो. विमानाचा सांगाडा बांधण्यात जपान १९३५नंतर कधीच कच्चा नव्हता. तो अडला दोन ठिकाणी. युद्धात इंजिनापाशी, आणि युद्धानंतर ‘आपल्या विमानात आपल्याला हवा तो बदल करता येतो का’ या हक्कापाशी. या दोन गोष्टी डोळ्यांपुढे ठेवल्या की बाकीचा इतिहास आपोआप जागेवर बसतो.

झिरोपासून सुरुवात करू. १९३७ साली जपानी नौदलाने विमानवाहू जहाजांसाठी नव्या लढाऊ विमानाची मागणी काढली. ताशी ५०० किलोमीटर वेग, २० मिलिमीटरच्या दोन तोफा, जादा टाकी लावून सहा ते आठ तास हवेत राहण्याची क्षमता, आणि एवढं सगळं वाहूनही आधीच्या हलक्या विमानाइतकी चपळाई. नाकाजिमा कंपनीने मागणीचे कागद वाचले आणि स्पर्धेतून अंग काढून घेतलं. मित्सुबिशीचे जिरो होरिकोशी तेव्हा जेमतेम चौतीस वर्षांचे होते. १९३५ साली उडालेलं ए५एम हे पूर्ण धातूचं, एकाच पंखजोडीचं विमान त्यांचंच.

होरिकोशींच्या हाती इंजिन होतं ते आठशे-नऊशे अश्वशक्तीचं. पहिल्या दोन नमुन्यांत मित्सुबिशीचं झुइसेई, तिसऱ्यापासून नाकाजिमाचं ९४० अश्वशक्तीचं साकाए. त्याच सुमारास ब्रिटिश आणि जर्मन लढाऊ विमानांची इंजिनं हजाराच्या पुढे गेली होती. शक्ती वाढवता येत नाही म्हटल्यावर वजनच कमी करायला हवं, आणि ते त्यांनी ज्या निष्ठेने केलं त्याला तोड नाही. सुमितोमो कंपनीने १९३६ साली जस्त मिसळलेला एक नवा ॲल्युमिनियम मिश्रधातू काढला होता. तो पंखांच्या मुख्य तुळयांना वापरला. पंख आणि धडाचा मधला भाग एकसंध बांधला, म्हणजे जोडणीच्या जड फिटिंग्जचं वजन वाचलं. ताण नसेल तिथे पट्ट्यांना भोकं पाडून ग्रॅम-ग्रॅम धातू काढला. विमान रिकामं असताना सुमारे १,७०० किलो भरत असे. १९४२ सालचं अमेरिकन वाइल्डकॅट रिकामंच अडीच टनांच्या वर होतं.

पहिलं उड्डाण १ एप्रिल १९३९ रोजी कागामिगाहाराला झालं. मित्सुबिशीच्या नागोया कारखान्याला स्वतःची धावपट्टी नव्हती, म्हणून विमानाचे सुटे भाग बैलगाड्यांवर लादून चाळीसहून अधिक किलोमीटर नेले जात. रस्ते इतके वाईट की ट्रकच्या हादऱ्यांनी नाजूक पत्रा खराब होण्याची भीती. जगातल्या सर्वोत्तम लढाऊ विमानांपैकी एक बनवणारा देश ते बैलगाडीने हलवत होता, यात त्या वेळच्या जपानी उद्योगाचं खरं चित्र आहे. रेखाटनाच्या फळ्यावरची बुद्धी अव्वल, पण तिच्यामागे उभी राहायला हवी ती औद्योगिक ताकद तोकडी.

१३ सप्टेंबर १९४० रोजी चोंगचिंगजवळ तेरा झिरो विमानांनी चिनी हवाई दलाच्या रशियन बनावटीच्या विमानांची वाताहत केली आणि स्वतःचं एकही गमावलं नाही. पुढे डिसेंबर १९४१मध्ये तैवानहून उडून फिलिपिन्सवर लढून ही विमानं परत तैवानला उतरली. इंजिनाचा एवढाच जोर असताना तीन हजार किलोमीटरच्या वर पल्ला हे आजही मला अचाट वाटतं.

वजन वाचवताना जे सोडून दिलं त्याची यादी सगळ्यांना पाठ असते: वैमानिकामागे पोलादी पत्रा नाही, गोळी लागल्यावर आपोआप बुजणारी टाकी नाही. यावरून झिरो ‘कचकड्याचं’ होतं असं लिहिलं जातं, ते मला पटत नाही. ती निवड होती, इंजिनाने लादलेली निवड. जून १९४२मध्ये अल्युशियन बेटांपैकी अकुतानवर ताडायोशी कोगा या वैमानिकाचं झिरो दलदलीत उलटलं आणि जवळजवळ शाबूत अवस्थेत अमेरिकनांच्या हाती पडलं. सप्टेंबरपर्यंत ते सान डिएगोच्या आकाशात होतं. चाचण्यांत दिसलं की वेग वाढला की त्याचे एलेरॉन (विमान कलवणारे पंखांवरचे झडपे) जड होतात, उजवीकडे कलायला ते डावीकडच्या मानाने मंद आहे, आणि नाक झटक्यात खाली घातलं की कार्ब्युरेटरमुळे इंजिन गुदमरतं. ही माहिती अमेरिकन वैमानिकांना फार उपयोगी पडली. मात्र हे झिरो पाहून अमेरिकनांनी हेलकॅट विमान बनवलं, ही कथा चुकीची आहे. हेलकॅटचा नमुना जून १९४२च्या अखेरीसच उडाला होता, अकुतानचं विमान तेव्हा अजून दलदलीत होतं. हेलकॅटने झिरोला मागे टाकलं ते दोन हजार अश्वशक्तीच्या इंजिनाच्या जोरावर. झिरोचं साकाए शेवटपर्यंत अकराशेच्या आसपास रेंगाळलं.

भूदलाची विमानं वेगळी होती, हे आपल्याकडे बरेचदा लक्षात येत नाही. जपानचं भूदल आणि नौदल स्वतंत्र विमानं मागवत, इतकी स्वतंत्र की बंदुकांच्या गोळ्याही एकमेकांना चालत नसत. नाकाजिमाचं की-४३ हायाबुसा हे भूदलाचं. भारताशी ज्याचा खरा संबंध आला ते हेच विमान. ५ डिसेंबर १९४३ रोजी कोलकात्याच्या खिदिरपूर गोदीवर दिवसाढवळ्या हल्ला झाला, त्यात बॉम्बफेकी विमानांच्या सोबतीला हायाबुसा होती. १९४४ साली इंफाळच्या लढाईत अर्जन सिंग यांच्या नेतृत्वाखाली आपल्या एक नंबर स्क्वाड्रनची हरिकेन विमानं उडत होती, तेव्हा समोरच्या बाजूला हायाबुसाच होती. त्याच्या आखणीत हिदेओ इतोकावा नावाचा तरुण अभियंता होता. पुढे १९५५ साली पेन्सिलएवढ्या अग्निबाणांपासून जपानचं अवकाश संशोधन त्याने सुरू केलं, आणि २००५ साली जपानी यान ज्या लघुग्रहावर पोचलं त्याला इतोकावाचंच नाव आहे.

युद्धाच्या उत्तरार्धात जपानने जी विमानं आखली ती कागदावर कोणापेक्षाही कमी नव्हती. नाकाजिमाचं की-८४ हायाते, कावानिशीचं शिदेन-काई. दोन्हींत नाकाजिमाचं होमारे इंजिन: अठरा सिलिंडर, दोन हजार अश्वशक्ती, आणि व्यास फक्त १.१८ मीटर. आखणी म्हणून हे फार सुंदर काम होतं. पण सगळं इतकं आखूड बसवलं होतं की घडणीत जराही चूक चालत नव्हती. त्याला हवं होतं शंभर ऑक्टेनचं पेट्रोल, मिळत होतं त्याहून हलकं. कमतरता भरून काढायला सिलिंडरात पाणी-मिथेनॉलचा फवारा मारावा लागे. कुशल कामगार सैन्यात गेले होते आणि यंत्रांवर शाळकरी मुलं उभी होती. बेअरिंग जळत, तेल गळे, आणि आघाडीवरच्या तळांवर ही विमानं दुरुस्तीच्या रांगेत पडून राहत. लढाऊ विमानाच्या कारखान्यात ज्याने काम केलंय त्याला हे वाचताना पोटात खड्डा पडतो.

कावासाकीच्या हिएनची गोष्ट याहून बोलकी. ताकेओ दोई यांनी आखलेलं हे विमान जर्मन डेमलर-बेंझ इंजिनाच्या परवान्यावरच्या जपानी आवृत्तीवर चाले. लांबलचक क्रँकशाफ्ट आणि नेमकी बेअरिंग बनवणं कारखान्याला झेपेना. १९४४च्या अखेरीस इंजिनाविना पावणेतीनशे सांगाडे आवारात उभे होते, आणि जानेवारी १९४५मध्ये आकाशीचा इंजिन कारखानाही बॉम्बफेकीत गेला. मग दोईंच्या चमूने त्याच अरुंद धडावर मित्सुबिशीचं गोल, हवेने थंड होणारं इंजिन बसवलं. १ फेब्रुवारी १९४५ रोजी ते उडालं. त्याचं नाव की-१००. घाईगर्दीत जुळवलेलं हे विमान वैमानिकांना मूळच्यापेक्षा जास्त आवडलं, कारण ते चालू होत असे आणि चालूच राहत असे. सांगाडा चांगला असला की योग्य इंजिनाने काय होतं, याचा याहून स्पष्ट पुरावा नको.

आता जेट. बीएमडब्ल्यू ००३ या जर्मन जेट इंजिनाची माहिती पाणबुडीने जपानकडे निघाली होती; पाणबुडी जुलै १९४४मध्ये बुडाली, पण सोबतचा अधिकारी इवाया सिंगापूरहून काही कागद घेऊन विमानाने आधीच पुढे गेला होता. त्यातला एक छोटा छेद-आराखडा आणि स्वतःचं आधीचं काम यांवर योकोसुकाच्या नौदल तंत्रशाळेने ने-२० हे इंजिन उभं केलं. टर्बाइनच्या पात्यांसाठी निकेल उपलब्ध नव्हतं, म्हणून मँगनीज-क्रोम-व्हॅनेडियमचं पोलाद वापरलं आणि काही तासांतच पात्यांना तडे जाऊ लागले. तरीही ७ ऑगस्ट १९४५ रोजी, हिरोशिमाच्या दुसऱ्या दिवशी, किसाराझूहून सुसुमु ताकाओका यांनी किक्का हे दोन ने-२० लावलेलं विमान उडवलं. जपानच्या जेट विमानाचं ते पहिलं उड्डाण. इंजिनाचा जोर पाचशे किलोच्याही आत होता. ही इंजिनं इशिकावाजिमा कंपनीत बनली. ते नाव लक्षात ठेवा, पुढे लागणार आहे.

शरणागतीनंतर अमेरिकेने विमानाशी संबंधित सगळंच बंद केलं. बनवणं बंद, संशोधन बंद, विद्यापीठातले विमानशास्त्राचे विभागसुद्धा बंद. हे सात वर्षं चाललं. माझ्या मते जपानी लढाऊ विमानांच्या इतिहासातली सगळ्यात महत्त्वाची घटना हीच, झिरो नव्हे. कारण ही सात वर्षं म्हणजे नेमकी तीच, जेव्हा जग पिस्टनकडून जेटकडे आणि सरळ पंखाकडून मागे झुकलेल्या पंखाकडे गेलं. कोरियाच्या आकाशात अमेरिकन सेबर आणि सोव्हिएत मिग-१५ झुंजत होती, तेव्हा होरिकोशींच्या पिढीला वाऱ्याच्या बोगद्यात लाकडी नमुना ठेवायचीही परवानगी नव्हती.

माणसं मात्र कुठे ना कुठे लागलीच. नाकाजिमाचे तुकडे झाले. त्यातूनच पुढे सुबारू गाड्यांची कंपनी उभी राहिली. १९४६ साली त्यांनी रॅबिट स्कूटर काढली, तिच्या पहिल्या नमुन्याला गिंगा बॉम्बफेकी विमानाच्या शेपटाकडची चाकं लावली होती. गिंगाची आखणी करणारे तादानाओ मिकी रेल्वेत गेले आणि शिंकानसेनच्या पहिल्या गाडीचं नाक त्यांच्या हाताखाली घडलं. तादाशी मात्सुदाइरा यांनी झिरोच्या पंखांच्या थरथरीचा अभ्यास केला होता. त्याच गणिताने त्यांनी वेगात रुळांवर वळवळणाऱ्या डब्यांच्या बोगी स्थिर केल्या. एका उद्योगाचं नुकसान दुसऱ्याला लाभलं. पण लढाऊ विमानांच्या दृष्टीने ते नुकसानच होतं.

१९५२ साली बंदी उठली, १ जुलै १९५४ रोजी हवाई स्वसंरक्षण दल स्थापन झालं, आणि मित्सुबिशीने परवान्यावर एफ-८६एफ सेबर बांधायला घेतलं. एकूण ३०० बांधली. त्यानंतर एफ-१०४जे. त्याची निवड गाजली: आधी ग्रुमनच्या विमानाच्या बाजूने कौल झाला होता, १९५९ साली मिनोरु गेंदा यांचं पथक अमेरिकेत जाऊन विमानं स्वतः उडवून आलं आणि पारडं लॉकहीडच्या एफ-१०४कडे फिरलं. हेच गेंदा पर्ल हार्बरच्या हल्ल्याचे आखणीकार, १९४५ साली शिदेन-काईच्या प्रसिद्ध ३४३ तुकडीचे प्रमुख, आणि आता नव्या हवाई दलाचे मुख्याधिकारी.

मग एफ-४ईजे फँटम, एकूण १४०, त्यातली १३८ मित्सुबिशीने बांधलेली. संसदेत वाद झाला की एवढं दूर जाणारं विमान स्वसंरक्षणाच्या चौकटीत बसत नाही, म्हणून त्यातून बॉम्बफेकीची गणकयंत्रणा आणि हवेत इंधन भरण्याची सोय काढून टाकली. जगातलं शेवटचं फँटम १९८१ साली नागोयालाच बांधलं गेलं, अमेरिकेतलं उत्पादन बंद झाल्यावर. ६ सप्टेंबर १९७६ रोजी व्हिक्टर बेलेन्को हा सोव्हिएत वैमानिक मिग-२५ घेऊन हाकोदातेला उतरला. त्याला अडवायला निघालेल्या फँटमच्या रडारला खालून येणारं ते विमान समुद्राच्या पार्श्वभूमीवर पकडता आलं नाही. खाली पाहू शकणाऱ्या रडारची गरज त्या दिवशी सगळ्यांना पटली, आणि एफ-१५जेचा मार्ग मोकळा झाला. ती २१३ आली, त्यातली १४ सोडून सगळी मित्सुबिशीने बांधलेली.

इथे परवाना उत्पादनाबद्दल थोडं बोलायला हवं, कारण बाहेरून पाहणाऱ्याचा इथे गैरसमज होतो. परवान्यावर विमान बांधलं की तंत्रज्ञान आलं, असं आपल्याकडेही म्हटलं जातं. परवान्याबरोबर येतात ते नकाशे, जिग, फिक्श्चर (भाग नेमके धरून ठेवणारे साचे), उष्णताप्रक्रियेचे तक्ते, तपासणीच्या पद्धती. यातून हात तयार होतो. एखाद्या बल्कहेडची (धडातल्या आडव्या भिंतीची) जाडी साडेचार मिलिमीटर असावी हे नकाशा सांगतो, पण ती चार का चालत नाही, हे सांगत नाही. ते उत्तर मूळ कंपनीच्या ताणचाचणीच्या अहवालांत असतं आणि ते अहवाल कोणी देत नाही. आम्ही ओझरला हे रोज अनुभवत होतो. जपानने काय केलं? परवान्याच्या प्रत्येक मोठ्या कामाशेजारी एक छोटं, संपूर्ण स्वतःचं काम चालू ठेवलं, जिथे ‘का’ हा प्रश्न स्वतःलाच सोडवावा लागेल. माझ्या मते त्यांच्या धोरणातलं शहाणपण सगळं यातच आहे.

सेबरच्या शेजारी टी-१: फुजीचं मागे झुकलेल्या पंखांचं प्रशिक्षण विमान, १९ जानेवारी १९५८ रोजी उडालं. त्याच्या एका आवृत्तीत ब्रिटिश ऑर्फियस इंजिन होतं, म्हणजे आपल्या नॅट आणि मारुतमध्ये होतं त्याच घराण्यातलं. दुसरीत इशिकावाजिमाचं जे-३, जोर १,२०० किलो. फँटमच्या शेजारी टी-२: जपानने स्वतः आखलेलं पहिलं स्वनातीत (ध्वनीहून वेगवान) विमान, २० जुलै १९७१. त्याच्यापासून एफ-१ काढलं, मागची वैमानिकाची जागा उपकरणांना देऊन, जहाजांवर क्षेपणास्त्रं सोडण्यासाठी; अशी ७७ बांधली. दोन्हींत अडूर इंजिन, आपल्या जग्वारचंच. एफ-१ जग्वारसारखं दिसतं म्हणून त्याला नक्कल म्हणतात, पण काम तेच आणि इंजिनंही तीच असली की आकार जवळ येणारच. एफ-१चा खरा दोष दिसण्यात नव्हता, ते जोरात कमी पडत होतं. पुन्हा इंजिनच.

यापुढचं एक पाऊल फार थोड्यांना ठाऊक आहे. १९८३ साली एका टी-२वर पुढे छोटे जादा पंख बसवले, तिपेडी डिजिटल फ्लाय-बाय-वायर (संगणकामार्फत विजेच्या संकेतांनी चालणारं नियंत्रण) लावलं, आणि मुद्दाम अस्थिर केलेलं विमान संगणकाने कसं सांभाळायचं ते जपानी अभियंते शिकले. त्या एका विमानाचा उपयोग पाच-सहा वर्षांतच असा झाला, की जणू कोणी आधीच जाणून तयारी केली होती.

एफ-१च्या जागी संपूर्ण स्वदेशी विमान करायचा जपानचा बेत १९८५पासून होता. अमेरिकेला तो नको होता. जपानबरोबरची व्यापारातली तूट वर्षाला ५० अब्ज डॉलरच्या वर गेली होती, आणि १९८७ साली तोशिबाच्या उपकंपनीने सोव्हिएत संघाला पाणबुडीचे पंखे कापणारी यंत्रं विकल्याचं उघड झालं. दबाव असह्य झाला. ऑक्टोबर १९८७मध्ये जपानने अमेरिकन विमानावर आधारित संयुक्त विकास मान्य केला आणि एफ-१६ निवडलं. नोव्हेंबर १९८८मध्ये करार झाला, तर १९८९ साली अमेरिकन काँग्रेसमध्ये उलटा आरडाओरडा: आपण जपानला विमान बनवायला शिकवतोय! शेवटी ठरलं की जपानी तंत्रज्ञान अमेरिकेला मिळेल, कामाचा सुमारे ४० टक्के वाटा अमेरिकेला जाईल, आणि एफ-१६च्या उड्डाण-नियंत्रणाचा सोर्स कोड (संगणकाच्या आज्ञावलीचा मूळ मजकूर) मात्र जपानला मिळणार नाही.

सोर्स कोड नाही म्हणजे विमानाचा मेंदूच नाही. पण जपानकडे टी-२वरचा अनुभव होता. नियंत्रणाचे नियम त्यांनी स्वतः लिहिले. ७ ऑक्टोबर १९९५ रोजी ते विमान उडालं, तेव्हा एफ-१६शी त्याचं नातं दूरून दिसतं तेवढं जवळचं राहिलं नव्हतं. समुद्रावर खाली उडताना चार जहाजभेदी क्षेपणास्त्रं वाहायची म्हणून पंखाचं क्षेत्रफळ २५ टक्क्यांनी वाढवलं. पंख कार्बन फायबरचा, आणि त्यात खालचं आवरण आणि आतल्या तुळया ऑटोक्लेव्हमध्ये (दाबाच्या भट्टीत) एकत्रच भाजून एकसंध केलेल्या. हजारो रिव्हेट वाचले; रिव्हेट वाचले म्हणजे भोकं वाचली, आणि भोक हे प्रत्येक तड्याचं माहेर असतं. नाकात मित्सुबिशी इलेक्ट्रिकचं रडार, सेवेतल्या लढाऊ विमानावरचं जगातलं पहिलं सक्रिय (शेकडो छोट्या प्रक्षेपकांनी इलेक्ट्रॉनिक शलाका फिरवणारं) रडार. डाव्या पंखांच्या बहुतांश पेट्या टेक्सासमध्ये फोर्ट वर्थला जपानी पद्धतीने बनत, म्हणजे ज्यांनी ‘शिकवण्याची’ भीती घातली होती तेच शिकत होते.

सगळं गोड झालं असं नाही. भारचाचण्यांत त्याच पंखात तडे दिसले, मजबुतीकरण करावं लागलं, विमान २००० साली उशिराने सेवेत आलं. सुरुवातीच्या रडारचा पल्ला अपेक्षेपेक्षा कमी भरला. एका विमानाची किंमत सुमारे १२ अब्ज येन झाली आणि मूळ १३०चा बेत ९४वर आला. शेवटचं सप्टेंबर २०११मध्ये मिळालं. त्याच वर्षी ११ मार्चच्या त्सुनामीत मात्सुशिमा तळावरची १८ एफ-२बी पाण्याखाली गेली आणि त्यातली १३ त्यांनी पुन्हा उडती केली. खारं पाणी ॲल्युमिनियमचं आणि वायरिंगच्या कनेक्टरांचं काय करतं हे माहीत असणाऱ्याला या आकड्याची किंमत कळेल.

तर एफ-२ नक्कल आहे का? नाही. मूळ आराखडा उसना, पंख, रडार आणि नियंत्रण स्वतःचं, इंजिन जनरल इलेक्ट्रिकचं. शेवटचे दोन शब्द महत्त्वाचे आहेत.

त्यानंतरचा एक दशकभर जपान अमेरिकेचं रडार चुकवणारं एफ-२२ मागत राहिला. अमेरिकेच्या कायद्यात त्याच्या निर्यातीला १९९८पासून बंदी होती. डिसेंबर २०११मध्ये अमेरिकेचंच एफ-३५ निवडलं, पुढे बेत १४७वर गेला. ते उत्तम विमान आहे आणि त्याची काही जोडणी नागोयाला होते, पण आतल्या सॉफ्टवेअरला मालक सोडून कोणी हात लावू शकत नाही. १९८९ साली जे कुलूप अर्धं उघडलं होतं ते पुन्हा घट्ट बसलं.

इकडे इंजिनाचं काम शांतपणे चालूच होतं. इशिकावाजिमा म्हणजे आजची आयएचआय. किक्काच्या पाचशे किलोच्या आतल्या इंजिनापासून टी-१चं १,२०० किलोंचं जे-३, मग १९८५ साली उडालेल्या टी-४ प्रशिक्षण विमानाचं १,६७० किलोंचं एफ-३. मग पाच टनांचं एक्सएफ-५. ते एक्स-२ या रडार चुकवणाऱ्या प्रायोगिक विमानात बसवून २२ एप्रिल २०१६ रोजी उडवलं. एक्स-२ला अनेकांनी ‘जपानचं नवं लढाऊ विमान’ म्हटलं, ते चूक. चौदा मीटर लांबीचं ते उडतं प्रयोगशाळेचं बाक होतं, त्यात शस्त्रांना जागाच नव्हती. आणि मग २०१८ साली एक्सएफ-९: आफ्टरबर्नरशिवाय (मागच्या नळीत जादा इंधन जाळून मिळणाऱ्या जोराशिवाय) ११ टन, त्याच्यासह १५ टन. टर्बाइनच्या तोंडाशी १,८०० अंश सेल्सिअस, म्हणजे ज्या निकेल मिश्रधातूची पाती असतात त्याच्या वितळबिंदूच्या कितीतरी वर. पातं टिकतं ते त्याच्या आत खोदलेल्या वाटांतून फिरणाऱ्या थंड हवेमुळे, वरच्या सिरॅमिक लेपामुळे, आणि ते एकाच स्फटिकाचं ओतलेलं असल्यामुळे. जगात हे स्वबळावर करणारे देश हाताच्या बोटांवर मोजावेत इतके. आपण कावेरी या आपल्या जेट इंजिनाच्या निमित्ताने या अडचणीची खोली अनुभवली आहे, त्यामुळे मला या आकड्यांचं कौतुक जरा जास्तच आहे.

हे इंजिन हाती आल्यावर जपानची बोलणी करण्याची जागा बदलली. एफ-२च्या वारसाबद्दल २०१८च्या संरक्षण कार्यक्रमात ‘जपानच्या नेतृत्वाखाली विकास’ असं लिहून टाकलं, आणि भविष्यात स्वतः बदल करण्याचं स्वातंत्र्य ही मुख्य अट ठेवली. २०२० साली लॉकहीडला मदतनीस म्हणून घ्यायचा विचार होता. पण शेवटी ९ डिसेंबर २०२२ रोजी ब्रिटन आणि इटलीबरोबर जीकॅप जाहीर झालं. वर्षभराने तोक्योत तिन्ही देशांनी करार केला, २०३५ साली विमान सेवेत आणायचं ठरलं. २०२५ साली ब्रिटनची बीएई, इटलीची लिओनार्दो आणि जपानी भागीदार यांनी प्रत्येकी एक तृतीयांश वाट्याने एजविंग ही कंपनी काढली. इंजिनावर ब्रिटनच्या रोल्स-रॉइस आणि इटलीच्या ॲव्हियोबरोबर आयएचआय बसली आहे.

आता तिसऱ्या प्रश्नाचं उत्तर. हे विमान ‘शंभर टक्के जपानी’ नसेल, आणि तसं असण्याची गरजही नाही. एवढा खर्च जपानच्या एकट्याच्या शंभरेक विमानांवर कधीच वसूल होणार नाही. म्हणूनच मार्च २०२४मध्ये जपानच्या मंत्रिमंडळाने हे विमान तिसऱ्या देशांना विकायची मुभा दिली, जी गोष्ट एफ-२च्या वेळी कोणी बोलूही शकत नव्हतं. स्वतःचं काय असेल ते मी तीन ठिकाणी शोधेन: इंजिनाच्या गरम भागात आयएचआयचा वाटा किती, रडार आणि संवेदकांच्या जुळणीत मित्सुबिशी इलेक्ट्रिकचा हात किती, आणि सोर्स कोड जपानच्या वैमानिकांच्या गरजेप्रमाणे नागोयात बदलता येतो का. मला धास्ती आहे ती वेगळ्याच बाजूने. मित्सुबिशीने त्यांचं स्पेसजेट प्रवासी विमान फेब्रुवारी २०२३मध्ये सोडून दिलं, कारण विमान उडत असूनही त्याची प्रमाणपत्रं मिळवण्याचं किचकट काम वेळेत पुरं होईना. एफ-२ आखणारी पिढी आता निवृत्त झाली आहे. २०३५ला दहा वर्षंही उरलेली नाहीत आणि पहिला पूर्ण नमुना अजून उडायचा आहे. कोणी मला विचारलं की या कार्यक्रमात काय वाचत राहावं, तर मी वेग आणि शस्त्रांच्या बातम्या सोडून इंजिनाच्या जमिनीवरच्या चाचण्यांचे तास आणि तिन्ही देशांतल्या कामवाटपाचे करार वाचायला सांगेन.